मिसेस मुखर्जींच्या बाथटबमधलं प्रेत

"तुम्ही आत्तापर्यंत किती वेळा मेलात?"

दार उघडताक्षणी मी हे विचारून टाकलं. ना हॅलो, ना गुड आफ्टरनून. एका श्वासात तेवढंच मावलं.

दारात ॲट्रॅक्टा मल्वेनी उभ्या होत्या. एका हातात सुरी, दुसऱ्या हातात कांदा, अंगात कुठल्या तरी उंच पुरुषाचा स्वेटर. वय सत्तरीच्या पुढे. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, मग माझ्या डोक्यावरून मागच्या कुंपणाकडे पाहिलं. कुंपणामागे माझ्या दोन मैत्रिणी, मेगन आणि ओलुची, वाकून बसल्या होत्या. ओलुचीचा अंबाडा कुंपणाच्या वर डोकावत होता, हे तिला सोडून सगळ्यांना दिसत होतं.

"टीव्हीवर, की खरोखर?" बाईंनी विचारलं.

"टी... टीव्हीवर."

"मग जरा आठवावं लागेल. आत ये. आणि त्या अंबाड्यालाही आत बोलाव, बाहेर गारठा आहे."

हे तीन वर्षांपूर्वीचं. आता मी जळगावला बारावीत आहे, पण तेव्हा आम्ही इंग्लंडात होतो. बाबा भुसावळला रेल्वेच्या सिग्नलचं काम बघायचे, तिथून एका कंपनीने त्यांना उचललं आणि लंडनपासून गाडीने तासाभरावर असलेल्या विल्बरी नावाच्या गावात नेऊन ठेवलं. सोबत आई आणि मी. ॲट्रॅक्टाबाई मूळच्या आयर्लंडच्या, आमच्या गल्लीत चार घरं सोडून राहायच्या. त्या अर्थात इंग्रजीत बोलायच्या, मी सगळं मराठीत सांगतेय. तिकडे त्यांना कुणी अहोजाहो करत नसे, मी करणार, कारण हे आई वाचणार आहे.

गल्लीत सगळ्यांना बाईंचा चेहरा पाठ होता आणि नाव एकालाही येत नव्हतं. पोस्टमन तर त्यांना सरळ 'ती मेलेली बाई' म्हणायचा. चाळीसेक वर्षं त्यांनी ब्रिटिश टीव्हीवर कामं केली होती, आणि तिथल्या पोलीस मालिकांमध्ये पहिल्या पाच मिनिटांत कुणीतरी मरावंच लागतं.

तो प्रश्न खरा तर ओलुचीचा होता. शाळेच्या नाटकात ती प्रेत होती, आणि तिला प्रेताचं काम मन लावून करायचं होतं. पण बाईंना विचारायची तिची छाती होईना. मग मेगन म्हणाली, "रुजी विचारेल. रुजीला हल्ली कशाचीच भीती वाटत नाही." आणि थांबून म्हणाली, "की वाटते?"

झालं. मला कुणी 'की वाटते?' म्हटलं की मी संपले.

(माझं नाव ऋजुता भंगाळे. ते तिकडे कुणाला पेलेना, म्हणून रुजी.)

तर आम्ही तिघी स्वयंपाकघरात बसलो. बाई कांदा चिरत चिरत मरणं सांगू लागल्या. कालव्यात बुडून. जॅममधल्या विषाने. ट्रॅक्टरखाली, आणि नंतर एकदा ट्रॅक्टर चालवताना. एकदा चर्चची घंटा डोक्यात पडून.

"आणि एकदा नुसते पाय," त्या म्हणाल्या. "बाकीचं प्रेत दुसऱ्या नटीचं होतं. पण तिचे पाय दिग्दर्शकाला फार जिवंत वाटले."

"मेल्यावर सगळ्यात अवघड काय असतं?" ओलुचीने अगदी गंभीरपणे विचारलं.

"नाक. जन्मभर कधी खाजणार नाही एवढं खाजतं."

"आणि जिवंत असताना काय कामं केलीत?" मी विचारलं.

"नन. नर्स. पबची मालकीण. खुन्याची आई. आणि शेजारीण तर किती वेळा! 'मला आवाज आला होता, इन्स्पेक्टर' हे मी जेवढ्या वेळा म्हटलंय तेवढ्या वेळा 'आमेन' म्हटलं नसेल."

आम्ही खिदळत होतो, तेवढ्यात मेगनने बॉम्ब टाकला.

"हिला पण काहीतरी शिकवा ना. ही इंडियन वाटत नाही."

बाईंनी सुरी खाली ठेवली. मला वेणीपासून बुटांपर्यंत एकदा नीट बघून घेतलं.

"कुणाला वाटत नाही?"

"टॅपिंग सरांना," मी म्हणाले आणि टेबलाकडे बघत राहिले.

ते प्रकरण असं होतं. विल्बरीतलं पहिलं वर्ष मी तोंडात गुळणी धरून काढलं होतं. पहिल्याच दिवशी मी हजेरीला 'येस सर' म्हटलं आणि मागून कुणीतरी फसकन हसलं. तेव्हापासून मी फक्त मान हलवायचे. मग एक दिवस मी चुकून नाटकाच्या निवडीच्या रांगेत उभी राहिले. मला वाटलं जेवणाची आहे. पुढे गेल्यावर टॅपिंग सरांनी मला एक वाक्य वाचायला दिलं, मी ते भुकेच्या तारेत वाचलं, आणि मला काम मिळालं!

नाटक सरांनीच लिहिलेलं. समुद्रकाठचं एक गेस्ट हाउस, त्याची मालकीण मिसेस मुखर्जी, आणि तिच्या बाथटबमध्ये सापडलेलं प्रेत. मुखर्जी का, तर सरांना त्याचं स्पेलिंग येत होतं. आता तुम्ही म्हणाल, मालकिणीचं काम, म्हणजे केवढी मोठी गोष्ट. होतीच! दोन महिन्यांत मी शाळेत कुणीतरी झाले होते. मुलं व्हरांड्यात थांबून "हाय रुजी" म्हणायची. मी वर्गात हात वर करायला लागले होते, उत्तर येत नसलं तरी.

पण तालमीत मी वाक्य म्हटलं की सर कपाळाला हात लावायचे.

"छान, रुजी. पण जरा आणखी इंडियन."

मी आणखी इंडियन व्हायचा प्रयत्न करायचे. म्हणजे नक्की काय करायचं ते मला कळत नव्हतं. मी तर सकाळी उठल्यापासून इंडियनच असायचे.

"मेगन, तू दाखव बरं हिला," सर म्हणायचे.

आणि मेगन, जिच्या नाकावर शंभर ठिपके आणि जिची आई वेल्सची, ती उठून मान डुगडुगवायची, डोळे गरागरा फिरवायची आणि "ओ माय गणेशा!" असं किंचाळायची की सगळे गडाबडा लोळायचे. मीसुद्धा. खोटं कशाला बोलू, ती करायचीच भारी. सरांनी सांगून ठेवलं होतं की शुक्रवारच्या तालमीपर्यंत मला जमलं नाही, तर मिसेस मुखर्जी मेगनकडे जाईल. आणि मी पुन्हा मान हलवणाऱ्या लोकांमध्ये.

"मला ते काम नकोय हं," मेगन बाईंना म्हणाली. "म्हणजे हवंय. पण असं नकोय."

बाईंनी हात पुसले. "आण बघू ती पानं इकडे."

त्या वाचू लागल्या. एक पान झालं, दुसरं झालं, आणि त्यांच्या खांद्यांना गदगदा हिसके बसायला लागले. मला वाटलं कांदा लागला. बाई हसत होत्या. हसता हसता त्यांना ठसका लागला, ओलुचीने पाठीवर थापट्या मारल्या.

"अगं, ही तर मी आहे!" त्या ओरडल्या. "या बाईचं मी किती वर्षं काम केलंय! फक्त करीच्या जागी बटाटे घाला आणि गणेशाच्या जागी आमचा सेंट पॅट्रिक. ऐका!"

मग त्या उठल्या, स्वेटरच्या बाह्या वर केल्या, भुवया टाळूपर्यंत नेल्या आणि टॅपिंग सरांचंच वाक्य अशा काही आवाजात म्हणाल्या की खिडकीवरचं मांजर उडी मारून पळालं. एरवी त्यांचा आवाज शांत, थोडा घोगरा होता. हा कुठून आला ते कळेना.

"तुमच्याकडे असंच बोलतात का?" मी विचारलं.

"आयर्लंडमध्ये? छे! मी अठराव्या वर्षी इकडे आले. नाटकाच्या शाळेत दोन वर्षं माझी बोली घासून घासून साफ केली. मग टीव्हीवर पहिलं काम मागायला गेले तर म्हणाले, 'जरा आणखी आयरिश.' तिथे बर्मिंगहॅमचा एक माणूस होता. जन्मात आयर्लंडला गेला नव्हता. त्याने मला आयरिश कसं बोलायचं ते शिकवलं."

"आणि तुम्ही शिकलात?"

"भाडं द्यायचं होतं. बरं, तुला काम हवंय ना? मग उभी राहा. खांदे वर. भुवया वर. आधी देवाचं नाव, मग किंकाळी, मग हात छातीवर. वाक्याच्या शेवटी आवाज असा वर न्यायचा, जणू जिना चढतेस. डोकं वापरायचं नाही, ते आड येतं."

तासाभरात मी तयार झाले. मेगनपेक्षा सवाई. शेवटी शेवटी तर मेगनच माझी नक्कल करून बघत होती.

बुधवारी तालमीत मी मान डुगडुगवली, जिना चढले, छातीवर हात मारला आणि "ओ माय गणेशा" अशी किंकाळी फोडली की वरच्या मजल्यावरून विज्ञानाच्या बाई धावत आल्या. सर टाळ्या वाजवायला लागले. "हीच! हीच माझी मिसेस मुखर्जी!" बाथटबमधलं प्रेत हसायला लागलं म्हणून त्याला बाहेर काढावं लागलं. मी इतकी खूश होते की मला हॉलच्या दारात उभी असलेली आई दिसलीच नाही.

आई साडी घेऊन आली होती. शाळेने मिसेस मुखर्जीसाठी जो पोशाख काढला होता तो खिडकीचा पडदा होता, कड्यांसकट. ते ऐकल्यावर आईला राहवेना.

आईबद्दल इथे सांगायला हवं. भुसावळला ती बँकेत कॅशियर होती. विल्बरीत तिला नोकरी नव्हती, पण धाक होता. कुठल्याही दुकानातून आणलेली कुठलीही वस्तू ती परत देऊन यायची. गळकी छत्री, एका धुण्यात आटलेला स्वेटर, अर्धी खाल्लेली बिस्किटं, कारण उरलेली अर्धी मऊ होती. मी काउंटरपासून लांब, शुभेच्छा-कार्डांच्या मांडणीमागे लपायचे आणि तिचा आवाज ऐकू यायचा. "यू प्लीज कॉल युवर मॅनेजर. आय विल स्टँड हिअर ओन्ली." ना वर, ना खाली. सपाट, ठाम, प्रत्येक शब्दाखाली वीट ठेवल्यासारखा. मॅनेजर यायचा आणि पैसे देऊन जायचा. मला मात्र मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं.

तर तालीम झाल्यावर आम्ही घरी निघालो. आई खूप हसली होती, तिचे डोळे अजून ओले होते.

"भारी करतेस गं रुजू! ती किंकाळी तर, बाप रे. मला वाटलं खरंच काही झालं."

"आवडलं?"

"आवडलं तर. पण ती बाई कुठली दाखवलीये?"

"काबरं?" मी म्हणाले. भुसावळचं 'का बरं' माझ्या तोंडून अजून तसंच यायचं.

"नाही, कळलं नाही म्हणून. आपल्याकडची नाही ना ती? श्रीलंकेची वगैरे आहे का?"

"इंडियन आहे, आई."

"हो का?" आई चालता चालता जरा विचारात पडली. मग मला बरं वाटावं म्हणून म्हणाली, "असेल. इंडिया काय लहान आहे!"

रात्री भरीत होतं. मी दुसऱ्यांदा वाढून घेतलं नाही. बाबा म्हणाले, "हिला डॉक्टरकडे न्या."

दुसऱ्या दिवशी शाळा सुटल्यावर मी एकटीच ॲट्रॅक्टाबाईंकडे गेले. या वेळी पैज नव्हती, कुंपणामागे कुणी नव्हतं.

"जमलं का?" त्यांनी दारातच विचारलं.

"जमलं. काम माझंच आहे. सर खूश आहेत."

"मग तोंड असं का? त्या विषाच्या जॅमचा चमचा चाटल्यासारखं?"

मी आईने विचारलेलं सांगितलं. मला वाटलं त्या हसतील. त्या आत वळल्या. किटली ठेवली, कप काढले, एक परत ठेवला, पुन्हा काढला.

"माझ्या आईनेही हेच विचारलं होतं," त्या म्हणाल्या.

"हेच?"

"शब्दाला शब्द. मी पहिल्यांदा टीव्हीवर दिसले तेव्हा आमच्या गावात टीव्ही एकाच घरात होता, मेंढ्यांच्या डॉक्टरकडे. अख्खं गाव तिथे जमलं. आईला पुढची खुर्ची दिली. मी मोलकरीण होते, दोन वाक्यं, बर्मिंगहॅमच्या माणसाने शिकवलेली. आईने पोस्टातून फोन केला. म्हणाली, 'सुरेख केलंस, राणी. ती बाई कुठली होती गं?'"

"तुम्ही काय म्हणालात?"

"म्हटलं, लंडनची. काय सांगणार? आणि मग त्याच बाईचं काम करत राहिले. कधी तिला नन केलं, कधी नर्स. आई दर वेळी बघायची, दर वेळी सुरेख म्हणायची. पाहुण्याला म्हणतात ना, तसं."

किटली शिट्टी मारायला लागली. त्यांनी ती उतरवली नाही, म्हणून मी उतरवली.

"मग एकदा मला फ्लू झाला," त्या म्हणाल्या. "एका भागाचं काम होतं, घरमालकिणीचं. भाडेकरू पलंगावर मरून पडलाय, मी दार उघडते आणि किंचाळते. अंगात इतका ताप की त्या माणसाचं आयरिश काही केल्या आठवेना. कॅमेरा चालू झाला. मी दार उघडलं. तो पलंगावर, बूट घातलेले. आणि मी काय केलं, तर आधी त्याचे बूट काढून खाली ठेवले."

"काबरं?"

"चादर धुतलेली होती ना! माझ्या आईने तेच केलं असतं. चादर आधी, पोलीस नंतर. मग मी त्याच्याकडे बघून नुसतं म्हटलं, 'आता काय करायचं तुमचं?' आईच्या आवाजात. किंकाळी राहिलीच. मला वाटलं, घालवलं काम. दिग्दर्शक म्हणाला, 'पुन्हा कर. अगदी असंच.' एका भागासाठी घेतलं होतं, सहा वर्षं ठेवलं."

"आणि तुमची आई? तिने काय विचारलं?"

"फोन आला. संतापलेली. म्हणाली, 'ॲट्रॅक्टा, माझा एप्रन कुणाला विचारून घातलास?'"

"खरंच त्यांचा होता?"

"छे गं! कपड्यांच्या विभागातला होता, नवाकोरा." बाई हसायला लागल्या, मग थांबल्या, मग स्वेटरच्या बाहीला नाक पुसलं. "आयरिश बाई म्हणून कुणी नसते, रुजी. मी चाळीस वर्षं शोधलीय. ज्या असतात त्यांना पत्ता असतो, बूट ठेवायची जागा असते. तुझी ही मिसेस मुखर्जी राहते कुठे?"

मिसेस मुखर्जी टॅपिंग सरांच्या डोक्यात राहत होती, दुसरीकडे कुठेच नाही.

"बरं, दुसरं विचारते. तुझ्या ओळखीत अशी कोण आहे, जिच्या बाथटबमध्ये मरायची हिंमत कुणी करणार नाही?"

मला विचार करावा लागला नाही. कार्डांच्या मांडणीमागून ऐकलेला तो सपाट आवाज लगेच आठवला.

"पण सर काम काढून घेतील," मी म्हणाले.

"घेतीलही."

"आणि आईला वाटेल मी तिची थट्टा केली. सगळ्या शाळेसमोर."

"वाटेलही," बाई म्हणाल्या. मला धीर देण्याचा त्यांनी जरासुद्धा प्रयत्न केला नाही, हे मी त्यांना आजही माफ केलेलं नाही.

त्या संध्याकाळी मी आईच्या मागे मागे फिरले. ती नळ कसा बंद करते ते पाहिलं (दोनदा, दुसऱ्यांदा त्याला धडा शिकवल्यासारखा). ती फोनवर बोलताना मोकळा हात कुठे ठेवते ते पाहिलं. रागावली की ती मोठ्याने बोलत नाही, हळू बोलते, हे मला चौदा वर्षांत पहिल्यांदा दिसलं.

"काय बघतेस सारखी?" आई म्हणाली. "काय हवंय? नवा फोन मिळणार नाही."

शुक्रवारी तालीम. ओलुची टबमध्ये, टबात पाणी म्हणून निळा प्लॅस्टिकचा कागद. मी आईची साडी नेसून आत आले. प्रेत पाहिलं. सर ओठ हलवून मला 'गणेशा, गणेशा' सुचवत होते.

मी पुढे गेले आणि आधी नळ बंद केला. दोनदा. मग पाण्यात बोट बुडवलं, ते गरम निघालं, आणि मी प्रेताकडे असं बघितलं जसं आई मऊ बिस्किटाकडे बघते. मोकळा हात कमरेवर गेला. तो आपोआप गेला, मी नेला नाही.

"एक्सक्यूज मी. सर," मी प्रेताला हळू आवाजात म्हणाले. "चेकआउट टाइम इज इलेव्हन ओन्ली."

मग प्रेताच्या पोटातून खोल कुठून तरी एक आवाज आला, आणि ओलुची प्लॅस्टिकच्या कागदासकट टबाबाहेर पडली. मागच्या बाकावरची पोरं बाक बडवत होती.

सर मात्र हसले नाहीत. "रुजी, हे मी लिहिलेलं नाही. किंकाळी कुठे गेली? बुधवारी किती झकास करत होतीस! हे... हे जरा..." त्यांनी कपाळाला हात लावला. "ही इंडियन बाई वाटत नाही."

"सर, ती भुसावळची आहे," मी म्हणाले.

"ते काय आहे?"

"रेल्वे जंक्शन, सर."

सर मेगनकडे वळले. "मेगन, तुला वाक्यं पाठ आहेत ना? ये वर."

मेगन उठली. मंचावर आली. नळ बंद केला, पाण्यात बोट बुडवलं, कमरेवर हात ठेवला आणि 'एक्सक्यूज मी' म्हणाली. कुणी हसलं नाही. तिने पुन्हा म्हटलं. मग हात खाली सोडला.

"सर, ती दुसरी मला येते," मेगन म्हणाली. "ती कुणालाही येईल. ही नाही येत. ही हिलाच येते."

सरांनी चष्मा काढला, पुसला, घातला. "उद्या प्रयोग आहे," ते स्वतःशीच म्हणाले. मग मला म्हणाले, "नळ बंद करायला एवढा वेळ लावू नकोस."

शनिवारी हॉल भरला. पडद्याच्या फटीतून मी पाहिलं तर तिसऱ्या रांगेत बाबा, आई आणि तिच्या शेजारी ॲट्रॅक्टाबाई. आईला मी काही सांगितलं नव्हतं. तीन वेळा तोंड उघडलं होतं आणि तीन वेळा पाणी पिऊन मिटलं होतं.

मी आत गेले. नळ बंद केला. पाण्यात बोट बुडवलं. हॉल हसायला लागला आणि थांबेचना. मी कमरेवर हात ठेवून उभी राहिले, कारण आई असती तर तिने त्यांचं हसू संपेपर्यंत वाट पाहिली असती. मग म्हटलं, "आय विल स्टँड हिअर ओन्ली." बाबा खुर्चीत दुमडून हसत होते. मग त्यांनी आईकडे पाहिलं आणि ते एकदम सरळ बसले.

आई हसत नव्हती. पहिल्या प्रवेशात नाही, दुसऱ्या प्रवेशात नाही, शेवटपर्यंत नाही. भुवया जवळ आणून बघत होती, जशी बँकेत समोरच्याने दिलेली नोट उजेडात धरून बघायची. प्रेताला पुरल्यावर मी वाकून नमस्कार केला, लोक उभे राहिले, आणि मी फक्त आईच्या भुवया बघत होते.

बाहेर आले तर आई भिंतीपाशी उभी. बाबा तिच्यापासून दोन हात लांब, सुरक्षित अंतरावर. ॲट्रॅक्टाबाईंनी मला पाहिलं आणि त्या एकदम नोटीस बोर्ड वाचायला लागल्या.

"आई," मी म्हणाले.

"नळाचं चुकलं," आई हळू आवाजात म्हणाली. हळू!

"काय?"

"मी नळ आधी बंद केला नसता. आधी पायपुसणं उचललं असतं. ते खाली तसंच होतं, भिजलं असतं सगळं. ते वाळायला दोन दिवस लागतात इकडे." तिने माझ्या खांद्यावरचा पदर ओढून सारखा केला. "आणि पिन कुणी लावली ही? मी अशी तिरकी लावते का कधी?"

"नाही."

"मग? करायचं तर नीट करावं माणसाने." आणि तेव्हा कुठे तिचं तोंड एका बाजूने हलायला लागलं. तिने ते पदराने दाबलं, पण खांदे राहीनात. ती हसत होती की रडत होती ते तिलाही ठरवता येईना. "ते बिस्किटांच्या दुकानात तू कार्डांच्या मागे असायचीस ना? मला वाटायचं तुझं लक्षच नसतं."

नोटीस बोर्डाकडे तोंड करून ॲट्रॅक्टाबाईंनी जोरात नाक शिंकरलं.

घरी आल्यावर आईने खिचडी टाकली. बाबांनी भुसावळला फोन लावून काकाला अख्खं नाटक सांगितलं, त्यात त्यांनी स्वतःचीही दोन वाक्यं घातली. फोन ठेवून ते ताटावर बसले आणि म्हणाले, "चला, हौस झाली. सोमवारपासून गणित."

मी चमचा खाली ठेवला. एवढ्या लोकांसमोर उभी राहून आले होते, दोन लोकांसमोर काय!

"आई, बाबा, मी ठरवलंय. मी नटी होणार."

बाबांचा घास हातातच राहिला. आईने गॅस बंद केला.

"म्हणजे हिरॉईन?" बाबांनी विचारलं.

"नाही. हिरॉईन नाही. मला शेजारीण करायचीय. नर्स, घरमालकीण, खुन्याची आई. आणि प्रेत."

"अगं, डॉक्टर नाही तर नाही," बाबा काकुळतीला आले, "पण निदान हिरॉईन तरी हो!"

"तिला कशाला अडवता?" आई म्हणाली. "पण रुजू, एवढ्या सगळ्या बाया तू आणणार कुठून?"

"घरातूनच," मी म्हणाले. "पहिली काही वर्षं तुम्ही दोघंच. तेव्हा आजपासून जसे आहात तसेच राहायचं, माझ्यासमोर उगाच चांगलं वागायचं नाही."